ग्रहणाची १८ वर्षांची फेरी आणि बॅबिलोनचे लोक

ग्रहण कधी लागणार, कधी सुटणार हे आज आपण पंचांगात नाहीतर मोबाईलवर बघतो, अगदी मिनिटासकट लिहिलेलं असतं, त्यामुळे हे कधीतरी कुणीतरी पहिल्यांदा शोधून काढलं असेल हे डोक्यातच येत नाही. पण जरा कल्पना करा, दुर्बीण नाही, चंद्र नेमका का काळवंडतो हे सांगणारी आकृती नाही, आणि तरी एक माणूस राजाला लिहून कळवतो की येत्या महिन्यात १४ व्या रात्री चंद्राला ग्रहण लागू शकतं, तयारीत राहा. हे करणारे लोक होते बॅबिलोनचे. आजच्या इराकमध्ये, बगदादपासून साधारण ८५ किलोमीटर दक्षिणेला त्या शहराचे अवशेष आहेत, आणि तिथून आणि आसपासच्या शहरांतून मिळालेल्या मातीच्या हजारो पाट्या आज म्युझियममध्ये आहेत, मोठा साठा लंडनच्या ब्रिटिश म्युझियममध्ये. त्यांना सापडलेला आकडा म्हणजे १८ वर्षं, ११ दिवस आणि साधारण ८ तास. आज याला सारोस चक्र म्हणतात. एकदा झालेलं ग्रहण एवढ्या काळाने जवळजवळ तसंच पुन्हा होतं.

हा आकडा सापडला कसा हे समजून घ्यायचं तर आधी त्या लोकांना ग्रहणाची किती भीती होती ते बघायला हवं, कारण सगळ्याची सुरुवात तिथून आहे.

मेसोपोटेमियात, म्हणजे बॅबिलोन ज्यात येतं त्या सगळ्या प्रदेशात, असं मानायचे की देव आकाशात चिन्हं लिहितात आणि ती वाचता आली तर पुढे काय होणार ते कळतं. अशा चिन्हांचा एक प्रचंड ग्रंथच होता, 'एनूमा अनू एन्लिल' नावाचा, सुमारे ७० पाट्यांचा. त्यातला मोठा भाग चंद्रग्रहणांचा. ग्रहण कुठल्या महिन्यात, कुठल्या तारखेला, रात्रीच्या कुठल्या प्रहरी, सावली चंद्राच्या कुठल्या बाजूने आत शिरली, कुठून बाहेर पडली, वारा कुठला वाहत होता, सगळ्याला अर्थ. चंद्राच्या बिंबाचे चार भाग करून एकेक भाग एकेका देशाला वाटून दिलेला, अक्कद, एलाम, अमुर्रू आणि सुबार्तू, म्हणजे ज्या भागावर सावली त्या देशाच्या राजाला धोका. आणि ग्रहण चालू असताना आकाशात गुरू दिसत असेल तर राजा वाचला असं समजायचे, त्यामुळे गुरू कुठे आहे हे बघणंही आलंच.

धोका म्हणजे थेट मृत्यू. आणि त्यावर त्यांनी काढलेला उपाय वाचला तेव्हा मला खरंच काटा आला होता. वाईट ग्रहण झालं की एखाद्या माणसाला धरून तात्पुरता राजा करायचे, त्याला राजाचे कपडे, सिंहासन, सोबत एक राणीसुद्धा, आणि अपशकुनाचं जे काही असेल ते त्याच्या डोक्यावर. हे जास्तीत जास्त १०० दिवस चालायचं. तेवढा काळ खरा राजा बाजूला राहायचा आणि त्याला पत्रं लिहिताना पंडित लोक त्याला 'शेतकरी' म्हणायचे, "शेतकरी, माझे स्वामी" असा मायना, म्हणजे देवांना वाटावं की हा राजा नाहीच. आणि शेवटी त्या बदली राजाला मरावं लागायचं.

ही दंतकथा नाही, ती पत्रं निनवेला, अ‍ॅसिरियाच्या राजधानीत, सापडलेली आहेत. अ‍ॅसिरिया म्हणजे बॅबिलोनच्या उत्तरेचं राज्य, तेव्हा बॅबिलोनही त्याच्याच ताब्यात होतं. तिथला राजा एसारहद्दोन, ज्याची कारकीर्द इ.स.पू. ६८१ ते ६६९, त्याच्या काळात हे एकदा नाही, बऱ्याचदा झालं. एका पत्रात दम्की नावाच्या तरुणाबद्दल आहे, अक्कदच्या मंदिराच्या मुख्य अधिकाऱ्याचा मुलगा, तो बदली राजा झाला आणि आपल्या राणीसकट मेला, त्यांना रीतसर पुरलं, त्यांच्यासाठी शोक केला, असं राजाचा माणूस कळवतो. त्याआधीच्या काळातली अजून एक गोष्ट एका बखरीत येते, इसीन शहराचा राजा एर्रा-इमित्ती याने आपल्या माळ्याला बदली राजा केलं, आणि खरा राजाच गरम पेज पिताना मेला, मग तो माळी, एन्लिल-बानी, सिंहासनावरून उठलाच नाही आणि पुढे खराखुरा राजा झाला. ही गोष्ट अगदी अशीच घडली की नंतर रचली गेली ते सोडून द्या, पण एन्लिल-बानी नावाचा राजा इसीनला खरंच होता.

आता दरबारातल्या पंडिताच्या जागी स्वतःला ठेवून बघा. ग्रहण चुकलं, ढगांमुळे दिसलं नाही, किंवा झालं पण कुणी जागंच नव्हतं, तर राजाच्या जिवाचा प्रश्न. म्हणून रोज रात्री आकाश बघायचं आणि लिहून ठेवायचं. निनवेच्या पत्रांतच इ.स.पू. सातव्या शतकात पंडित राजाला ग्रहण होईल किंवा होणार नाही असं आधीच सांगताना दिसतात, म्हणजे अंदाज बांधणं सुरू झालं होतं.

यातून जे उभं राहिलं त्याला आज 'खगोल रोजनिशी' म्हणतात, आणि माझ्या मते माणसाने केलेल्या सगळ्यात मोठ्या कामांपैकी हे एक आहे, पिरॅमिडइतकंच मोठं, फक्त उंच दिसत नाही म्हणून कुणी फोटो काढायला जात नाही. यातली सगळ्यात जुनी सापडलेली पाटी इ.स.पू. ६५२ ची आणि तारीख सांगता येते अशी शेवटची इ.स.पू. ६१ ची. म्हणजे जवळजवळ ६०० वर्षं. यात किती सत्ता आल्या गेल्या बघा, अ‍ॅसिरियन, मग बॅबिलोनच्याच नेबुकद्नेझर राजाचं घराणं, मग इराणचे राजे, मग अलेक्झांडर, मग त्याचे सेनापती, मग इराणकडून आलेले पार्थियन, भाषा बदलली, राजे बदलले, आणि लिहिणारे लिहीत राहिले. चंद्र आज कुठल्या ताऱ्याजवळ, ग्रह कुठे, ढग होते का, पाऊस पडला तर वहाणा काढाव्या लागण्याइतका की नुसता भुरभुर. महिन्याच्या शेवटी बाजारभाव, एक शेकेल (वजनाचं माप) चांदीला किती सातू, किती खजूर, किती मोहरी, अळीव, तीळ, लोकर. युफ्रेटिस नदीचं पाणी किती चढलं किती उतरलं. आणि गावात काय घडलं. अलेक्झांडरने इराणच्या राजाला हरवलं त्या गौगमेलाच्या लढाईआधी ११ दिवस, २० सप्टेंबर इ.स.पू. ३३१ ला झालेलं चंद्रग्रहण तिथे नोंदलंय. इ.स.पू. ३२३ मध्ये अलेक्झांडर बॅबिलोनमध्येच मेला त्या दिवशीच्या नोंदीत, राजा वारला, एवढंच लिहून पुढे ढगांबद्दल लिहिलंय. जग जिंकलेल्या माणसाचा मृत्यू आणि ढग एकाच ओळीत, कारण लिहिणाऱ्याचं काम आकाश लिहिण्याचं होतं.

१८ वर्षांचं चक्र एका माणसाला ओळखू येणं फार कठीण आहे, आयुष्यात तीन चार फेऱ्या मिळणार, त्यातल्या निम्म्या वेळा ढग नाहीतर चंद्र क्षितिजाखाली. त्यासाठी संस्था लागते. बॅबिलोनमध्ये ते काम एसागिला या मोठ्या मंदिराशी जोडलेलं होतं, आणि विद्या घराण्यात बापाकडून मुलाकडे जायची. पार्थियन काळातली अशी कागदपत्रं आहेत (म्हणजे मातीच्याच पाट्या) ज्यात मंदिराची सभा ठरवते की अमक्याचं वेतन आता त्याच्या मुलाला द्यायचं, कारण तो निरीक्षणं करू शकतो हे दिसलंय. म्हणजे पगार हवा तर आकाश वाचता आलं पाहिजे.

बरं, आता मूळ प्रश्न, हे चक्र चालतं कसं. हे जरा सावकाश वाचा, अवघड काही नाही.

चंद्रग्रहण पौर्णिमेलाच होतं आणि सूर्यग्रहण अमावस्येलाच, हे सगळ्यांना माहीत असतं. मग दर पौर्णिमेला का नाही होत? कारण चंद्राची वाट सूर्याच्या वाटेला साधारण ५ अंशांनी तिरकी आहे, त्यामुळे बहुतेक पौर्णिमांना चंद्र पृथ्वीच्या सावलीच्या वरून नाहीतर खालून निघून जातो. या दोन वाटा फक्त दोन ठिकाणी एकमेकींना छेदतात. त्या दोन बिंदूंना आपण राहू आणि केतू म्हणतो. आपल्या ज्योतिषात त्यांना ग्रह धरतात, प्रत्यक्षात तिथे दगड नाही की गोळा नाही, ते गणितातले बिंदू आहेत, आणि राहू सूर्याला गिळतो या कथेच्या पोटात खरी गोष्ट हीच आहे की ग्रहण त्या बिंदूंजवळच होतं.

तर ग्रहण तेच पुन्हा व्हायचं असेल तर तीन गोष्टी एकाच वेळी जुळायला हव्यात. पहिली, परत पौर्णिमा (किंवा अमावस्या) हवी, ते २९.५३०६ दिवसांनी येतं. दुसरी, चंद्र परत त्याच छेदबिंदूवर हवा, ते २७.२१२२ दिवसांनी. तिसरी, चंद्र पृथ्वीपासून तेवढ्याच अंतरावर हवा, कारण तो कधी जवळ असतो कधी लांब, जवळ असला की मोठा दिसतो आणि पळतोही भरभर, ती फेरी २७.५५४६ दिवसांची. एसटी स्टँडवरून तीन गाड्या वेगवेगळ्या वेळाने सुटतात, एक दर ४ तासांनी, एक दर ६, एक दर ९, आज तिन्ही एकदम सुटल्या तर परत एकदम कधी सुटतील, ३६ तासांनी, तसलंच हे गणित आहे, फक्त आकडे वाकडे आहेत. आता गुणाकार करा. पौर्णिमेच्या २२३ फेऱ्या म्हणजे ६५८५.३२ दिवस. छेदबिंदूच्या २४२ फेऱ्या म्हणजे ६५८५.३६ दिवस. अंतराच्या २३९ फेऱ्या म्हणजे ६५८५.५४ दिवस. तिन्ही जवळजवळ एकाच दिवशी! आणि ६५८५.३२ दिवस म्हणजेच १८ वर्षं, ११ दिवस, ८ तास (मध्ये लीप वर्षं पाच आली तर १० दिवस). शिवाय वर्षं जवळपास पूर्ण होत असल्यामुळे ऋतूही तोच राहतो, सूर्याचं अंतरही तेवढंच. हे कुणी मुद्दाम जुळवलेलं नाही, चंद्राच्या तीन वेगवेगळ्या गती योगायोगाने इतक्या जवळ येतात, आणि तो योगायोग नसता तर ग्रहणाचं भाकीत करायला माणसाला अजून कितीतरी शतकं लागली असती असं मला वाटतं.

त्या शेवटच्या ८ तासांनी मात्र खूप गोंधळ होतो. ८ तास म्हणजे दिवसाचा तिसरा हिस्सा, तेवढ्यात पृथ्वी आणखी एक तृतीयांश वळते, म्हणून पुढचं ग्रहण साधारण १२० अंश पश्चिमेकडे सरकतं. आपल्याकडचंच उदाहरण घ्या, १६ फेब्रुवारी १९८० चं खग्रास सूर्यग्रहण, त्याचा पट्टा कारवार-अंकोल्याकडून देशात शिरून पार ओडिशातल्या पुरी-कोणार्कपर्यंत गेला, महाराष्ट्रात खंडग्रास दिसलं, आणि लोक इतके घरात बसले होते की भर दुपारी रस्ते ओस पडले होते हे जुनी माणसं अजून सांगतात. त्याच मालिकेतलं पुढचं २६ फेब्रुवारी १९९८ ला, पण ते पनामा, कोलंबिया, कॅरिबियनकडे. त्याच्या पुढचं ९ मार्च २०१६ ला, इंडोनेशियात. आणि आता पुढचं २० मार्च २०३४, आफ्रिकेतून इजिप्त, सौदी, इराण, पाकिस्तान करत आपल्या काश्मीर-लडाखच्या टोकापर्यंत. तीन फेऱ्या झाल्या, म्हणजे ५४ वर्षं आणि महिनाभर, की तीन वेळचे ८ तास मिळून पूर्ण दिवस होतो आणि ग्रहण परत आपल्या बाजूला येतं. तंतोतंत त्याच गावात नाही, पट्टा उत्तर-दक्षिण सरकतोच, पण पृथ्वीच्या त्याच बाजूला.

सूर्यग्रहणाचा पट्टा अरुंद असतो म्हणून एका शहरात बसून सूर्यग्रहणाचं चक्र ओळखणं जवळजवळ अशक्य, पण चंद्रग्रहण अर्ध्या पृथ्वीला दिसतं, त्यामुळे बॅबिलोनच्या लोकांचा सगळा भर चंद्रावर होता. त्यांना दिसलं ते असं, की दोन ग्रहणांमध्ये बहुतेक वेळा ६ महिने जातात आणि मधूनच कधीतरी ५ महिने. २२३ महिन्यांत ग्रहण होऊ शकेल अशा ३८ जागा येतात, त्यातल्या ३३ वेळा ६ महिन्यांचं अंतर आणि ५ वेळा ५ महिन्यांचं, मिळवून बघा, १९८ अधिक २५, बरोबर २२३. मग पुढच्या २२३ महिन्यांत तोच क्रम. म्हणून त्यांनी ग्रहणांच्या याद्या १८-१८ वर्षांच्या रकान्यांत मांडल्या, पाटी आडवी वाचली की एकाच मालिकेतली ग्रहणं शेजारी शेजारी. आणि याचं मला फार कौतुक वाटतं, जे ग्रहण दिवसा होणार, म्हणजे बॅबिलोनमधून दिसणारच नाही, तेसुद्धा यादीत आहे, वेळेसकट. न दिसणारी गोष्टही घडते आहे हे त्यांनी नुसत्या आकड्यांवरून मान्य केलं होतं. गोल, कक्षा, सावलीचा शंकू यातलं काहीही त्यांच्या पाट्यांत नाही. फक्त आकडे, १० ऐवजी ६० हा पाया धरून लिहिलेले, तेच ६० जे आज आपल्या घड्याळात आहेत.

पुढे हे गणित फारच बारीक झालं. शेवटच्या काही शतकांत, किदिन्नू या खगोलज्ञाच्या नावाशी जोडली जाते त्या पद्धतीत, सरासरी चांद्रमासाची लांबी आजच्या मोजमापापासून एका सेकंदानेही चुकत नाही. हाच आकडा ग्रीकांनी घेतला, हाच ज्यू पंचांगात आजही चालतो. त्यांच्या गणितात चांद्रमासाचा तिसावा भाग हे एकक होतं, म्हणजे आपल्या तिथीच्याच मापाचं. १२ सारख्या राशींचं चक्रही त्यांचंच, ग्रीकांमार्फत ते आपल्याकडे आलं आणि आज मेष ते मीन म्हणून घराघरात बसलंय.

आता कुणाला वाटेल की एवढं गणित आल्यावर भीती गेली असेल. तसं झालं नाही. उरूक शहरातली ग्रीक राजवटीतली एक पाटी आहे, म्हणजे ग्रहण आधी सांगता येऊ लागल्यानंतरची, त्यात चंद्रग्रहणाच्या रात्री काय करायचं ते सगळं दिलंय, मंदिरात तांब्याचा मोठा नगारा वाजवायचा, विलापाची गाणी म्हणायची, लोकांनी डोक्यावरचं पागोटं काढून अंगावरच्या कपड्याने डोकं झाकून घ्यायचं आणि ग्रहण सुटेपर्यंत ओरडायचं की संकट उरूकच्या जवळ येऊ देऊ नका. आपल्याकडे "दे दान सुटे गिराण" अशी हाळी देत जी माणसं फिरायची ती आठवतात. पंचांगात सुटण्याची वेळ छापलेली असायची आणि तरी दान दिलं जायचं. बॅबिलोनमध्येही तसंच, वेळ माहीत असणं आणि विधी करणं या दोन गोष्टी एकमेकींच्या आड येत नव्हत्या, उलट वेळ आधी कळली तर विधीची तयारी चांगली करता यायची. अलेक्झांडरच्या शेवटच्या दिवसांत कुणी एक अनोळखी माणूस येऊन त्याच्या सिंहासनावर बसला असं ग्रीक इतिहासकार सांगतात, त्यांना ते काय होतं कळलं नाही, पण बऱ्याच अभ्यासकांना त्यात तोच बदली राजाचा विधी दिसतो. म्हणूनच जुने लोक अंधश्रद्धाळू होते असं म्हणून त्यांना बाजूला सारणं मला पटत नाही आणि त्यांना सगळं आजचं विज्ञान माहीत होतं असं म्हणणंही पटत नाही. त्यांनी भीतीपोटी बघायला सुरुवात केली आणि बघताना खोटं लिहिलं नाही, एवढं पुरेसं मोठं आहे.

हे ज्ञान गेलं कुठे तर आधी ग्रीकांकडे. इसवी सनाच्या दुसऱ्या शतकातला खगोलज्ञ टॉलेमी याने आपल्या ग्रंथात बॅबिलोनच्या ग्रहणांच्या नोंदी वापरल्या, त्यातली सगळ्यात जुनी इ.स.पू. ७२१ ची, म्हणजे त्याच्यासाठीसुद्धा आठ-नऊ शतकं जुनी. आणि १९०१ मध्ये ग्रीसच्या अँटिकिथेरा बेटाजवळ बुडालेल्या जहाजातून जे कांस्याचं दातेरी चाकांचं यंत्र वर आलं, त्यात एका चाकाला २२३ दाते आहेत. मागच्या बाजूला गोल गोल फिरत जाणारी २२३ घरांची तबकडी, ग्रहणाचा महिना असेल तिथे खूण, आणि आत एक छोटी तबकडी, तीन भागांची, एक भाग रिकामा, एकावर ८, एकावर १६, म्हणजे किती तास मिळवायचे ते.

नंतर कीलाकार लिपी, म्हणजे ओल्या मातीवर खुणा दाबून लिहायची ती या पाट्यांची लिपी, वाचणारंच कुणी उरलं नाही, पाट्या मातीखाली गेल्या. एकोणिसाव्या शतकात त्या निघाल्यावर योहान स्ट्रासमायर या धर्मगुरूने ब्रिटिश म्युझियममध्ये बसून त्यांच्या नकला हाताने उतरवल्या आणि योसेफ एपिंग या दुसऱ्या धर्मगुरूने त्यातले आकडे सोडवले, १८८० च्या दशकात हे काम चाललं, मग फ्रान्झ कुगलरने पुढे नेलं. रोजनिशांचं संपादन विसाव्या शतकात अब्राहम सॅक्स आणि हर्मान हुंगर यांनी केलं.

आणि या नोंदी आजही कामाला येतात. १५ एप्रिल इ.स.पू. १३६ ला बॅबिलोनमध्ये खग्रास सूर्यग्रहण झालं, पाटीवर लिहिलंय की सूर्योदयानंतर २४ अंशांनी सुरू झालं (त्यांचा एक अंश म्हणजे ४ मिनिटं, तर ९६ मिनिटं), शुक्र, बुध आणि तारे दिसले, आणि एरवी त्या काळात न दिसणारे गुरू आणि मंगळही दिसले. आता आजच्या वेगाने पृथ्वी मागे फिरवत नेली तर तो पट्टा बॅबिलोनवर येतच नाही, पार पश्चिमेला भूमध्य समुद्रात स्पेनच्या बाजूला पडतो. फरक जवळजवळ ४९ अंशांचा, म्हणजे सव्वातीन तासांचा. चूक लिहिणाऱ्याची नाही, पृथ्वीच हळू झालीय, मुख्य कारण समुद्राची भरती-ओहोटी, आणि त्यामुळे दिवस दर शतकाला सेकंदाच्या हजाराव्या भागाच्या पावणेदोन पट एवढाच लांबतो, पण दोन हजार वर्षांत त्याची बेरीज तासांत जाते. रिचर्ड स्टीफन्सन आणि लेस्ली मॉरिसन या ब्रिटिश खगोलज्ञांनी अशा जुन्या नोंदी, बॅबिलोनच्या, चीनच्या, अरबांच्या, ग्रीकांच्या, एकेक करून तपासल्या आणि त्यावरून पृथ्वीच्या फिरण्याचा गेल्या २७०० वर्षांचा हिशोब मांडला. अणुघड्याळं येण्याआधीच्या काळासाठी माणसाने स्वतः बघून लिहिलेलं, एवढं मागे नेणारं दुसरं मोजमाप नाही, आणि त्यातल्या सगळ्यात जुन्या वेळा बॅबिलोनमध्ये पाणघड्याळाने मोजलेल्या आहेत.